‘व इतर’मधल्या माणसांसाठी

प्रति,
अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाचे पदाधिकारी आणि मराठी चित्रपटांचे निर्माते

सप्रेम नमस्कार.

मी सहायक दिग्दर्शक आहे. या कामात अठरा वर्षं गेली. कॉल शीट म्हणजे रोज कोणी किती वाजता यायचं त्याचा कागद काढायचा, एका शॉटमधलं दुसऱ्यात जुळतंय ना ती कंटिन्युइटी सांभाळायची, मॉब म्हणजे गर्दी उभी करायची आणि चित्रपट पुरा होत आला की टायटलसाठी नावांची यादी करून द्यायची, ही माझी कामं. आज लिहितेय ते या शेवटच्या कामाबद्दल. त्याकडे कोणी फारसं लक्ष देत नाही. माझ्या हातून ते एकदा असं चुकलं की अजून मनातून जात नाही.

आधी मागणी सांगते. चित्रपटात ज्या नटाला किंवा नटीला काही करून दाखवायला बोलावलं आहे, मग वाक्य एक असो नाहीतर एकही नसो, त्या प्रत्येकाचं पूर्ण नाव, केलेल्या पात्रासकट, श्रेयनामावलीत आलं पाहिजे. महामंडळाने तसा नियम करावा आणि निर्मात्यांनी तो पाळावा. बाकी सगळं पत्र हे का मागते आहे ते सांगण्यासाठी.

काही वर्षांपूर्वी आम्ही एक चित्रपट करत होतो. त्यात तलाठ्याचं काम होतं. दोन प्रसंग, पाच वाक्यं, एका दिवसाचं काम. नायिका सातबाऱ्यावरची नोंद दुरुस्त करून घ्यायला येते आणि तलाठी तिला परत पाठवतो. छोट्या कामांसाठी नट पुरवणाऱ्या कोऑर्डिनेटरने एक ज्येष्ठ नट पाठवले. साठी ओलांडलेली. सातचा कॉल होता, ते साडेसहालाच येऊन बसले होते. घरून तीन शर्ट आणले होते, त्यातला कॉलर विरलेला कपडेपटाने निवडला. मेकअप झाल्यावर त्यांनी मला विचारलं, “ताई, टेबलावर शाईचं पॅड असेल ना? पत्र्याच्या डबीतलं?”

होतं. त्यांनी झाकण उघडून बोट टेकवलं. पॅड कोरडं ठणठणीत. मग त्यांनी पिशवीतून जांभळ्या शाईची बाटली काढली आणि पॅड नीट भिजवलं. आदल्या दिवशी ते एका तलाठी कार्यालयात जाऊन दोन तास बाकावर नुसते बसले होते, हे मला नंतर कळलं. प्रवासखर्च त्यांचाच.

संहितेत वाक्य होतं, “आज काही होणार नाही, उद्या या.” तालमीला त्यांनी दिग्दर्शकांना विचारलं, “साहेब, हे वाक्य न बोलता एकदा करून दाखवू का?” नायिकेने अर्ज पुढे केला. त्यांनी तो घेतला, न वाचता डावीकडच्या गठ्ठ्यावर ठेवला, शिक्का उचलला, पॅडवर क्षणभर धरला. तिला वाटावं, झालं काम. मग शिक्का खाली ठेवला आणि पॅडचं झाकण लावलं. टक्. पत्र्याचा तेवढाच आवाज. सेटवर कोणी काही बोलेना. दिग्दर्शक म्हणाले, “वाक्य काढून टाका.” पाच वाक्यांसाठी आलेल्या माणसाने त्यातलं एक स्वतःहून सोडलं होतं, कारण प्रसंगाला ते नको होतं.

त्यांचं काम दुपारी तीनला संपलं. नायिकेचा क्लोजअप मात्र राहिला होता आणि तो संध्याकाळशिवाय होणार नव्हता. मी त्यांना पॅकअप सांगितलं. ते म्हणाले, “थांबतो की. तिला बघायला समोर माणूस लागेल.” आणि खरंच थांबले. कॅमेऱ्याशेजारी लाइटच्या स्टँडला खेटून, गुडघे दुमडून बसून ते क्यू देत राहिले. सात टेक झाले. सातही वेळा झाकण त्याच क्षणी लागलं, त्याच आवाजात. पुढे त्या क्लोजअपचं फार कौतुक झालं. तो आवाज ऐकून नायिकेची नजर जी खाली जाते, ती लोकांच्या लक्षात राहिली. ती नजर ज्याच्यावरून खाली उतरली, तो माणूस फ्रेममध्ये नाही.

टायटलची यादी मी केली. ती नेहमी शेवटच्या आठवड्यात होते. साउंड मिक्सिंग चालू असतं, सेन्सॉरची तारीख गाठायची असते, आणि रात्री अकराला टायटल करणाऱ्या मुलाचा निरोप येतो, यादी पाठवा. मी कॉल शीट चाळल्या. तिथे लिहिलं होतं, ‘तलाठी – कोऑर्डिनेटरकडून’. हिशेबाकडे विचारलं, तर व्हाउचर कोऑर्डिनेटरच्या नावाने. कोऑर्डिनेटर फोन उचलेना. मला त्यांचं पहिलं नाव आठवत होतं, आडनावाची खात्री नव्हती. अर्धवट नाव घालणं बरं दिसेना. त्यात निर्मितीकडून निरोप, शेवटी वर सरकणाऱ्या नावांचा रोलर लांब झालाय, कमी करा. मी यादीच्या शेवटी लिहिलं, ‘व इतर’, आणि पाठवून दिलं.

पहिल्या आठवड्यात मी थिएटरात गेले होते, लोकांची प्रतिक्रिया बघायला. ते दिसले. शेजारी पत्नी आणि मुलगी. चित्रपट संपला, दिवे लागले, लोक उठले. ही तिघं बसून राहिली. रोलर वर सरकत होता आणि मी दारात उभी राहून बघत होते. पडद्यावर काय येणार नाही, हे तिथे मला एकटीला ठाऊक होतं. जनरेटरवाल्यांचं नाव गेलं, जेवण पुरवणाऱ्यांचं गेलं, ‘विशेष आभार’ गेले. झाडूवाले आत आले. पडदा पांढरा झाल्यावर ते उठले आणि पत्नीची पिशवी हातात घेऊन हळूहळू पायऱ्या उतरले. मला पाहून हसले. म्हणाले, “छान झालाय पिक्चर.”

नंतर मी त्यांच्या घरी जाऊन माफी मागितली. ते म्हणाले, “होतं असं.” चहा झाल्यावर त्यांनी एक लांबट खातेवही काढून दाखवली. पहिल्या कामापासूनची प्रत्येक नोंद. रकाने आखलेले: चित्रपट, पात्र, किती दिवस, पैसे, आणि शेवटचा रकाना ‘टायटल’. त्या शेवटच्या रकान्यात कुठे ‘आहे’, कुठे ‘नाही’, काही ठिकाणी ‘आडनाव चुकलं’. एका ठिकाणी, ‘फार वेगाने गेलं, दिसलं नाही’. ‘नाही’ जास्त होते. आमच्या चित्रपटाच्या ओळीत त्याच निळ्या अक्षरांत ‘नाही’ लिहिलेलं होतं. वरखाली कुठे रेघ नाही, जोर नाही.

त्या वहीतल्या ‘पात्र’ या रकान्याबद्दल थोडं बोलायचं आहे, कारण सहायक नटाची सगळी कारकीर्द तिथे वाचता येते. फौजदार, फौजदार, डॉक्टर, फौजदार, सरपंचाचा माणूस, नायिकेचा मामा, फौजदार. एकदा गणवेश अंगावर नीट बसला की पुढची दहा वर्षं तोच गणवेश. हिंदीत जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलिस अधिकारी केला आणि त्याची नोंद गिनीज बुकात झाली. लोक ती नोंद गंमत म्हणून सांगतात. मला त्यात दुसरंच दिसतं. एकशे चव्वेचाळीस वेळा तोच दरवाजा, तीच टोपी, आणि दर वेळी नव्या दिग्दर्शकापुढे पहिल्यांदाच पोलिस झाल्यासारखं उभं राहायचं. हे सोपं नाही.

बायकांच्या वहीत हा रकाना आणखी कठोर असतो. १९५९ च्या ‘सुजाता’त सुलोचनाबाईंनी नूतन आणि शशिकला यांच्या आईचं काम केलं. सुलोचनाबाईंचा जन्म १९२८ चा, शशिकलांचा १९३२ चा, नूतन यांचा १९३६ चा. म्हणजे एका मुलीपेक्षा आई चार वर्षांनी मोठी आणि दुसरीपेक्षा आठ. त्यानंतर बरोबर चाळीस वर्षांनी, १९९९ च्या ‘वास्तव’मध्ये रीमा लागू संजय दत्तच्या आई झाल्या. दोघांच्या वयात जेमतेम एका वर्षाचं अंतर होतं. तरीही त्या चित्रपटात आई-मुलगा बघताना हा हिशेब कोणाच्या डोक्यात येत नाही. वयाचं ते अंतर रीमाताईंनी आपल्या अभिनयातून उभं केलं. चालण्यातून, आवाजातून, मुलाच्या पाठीवर हात ठेवण्यातून.

ललिता पवार यांची गोष्ट आपल्या सगळ्यांना माहीत आहे. मूकपटांपासून काम करणारी, नायिका म्हणून नाव मिळवलेली अभिनेत्री. १९४२ मध्ये चित्रीकरणात बसलेल्या एका थपडेने चेहऱ्याची एक बाजू लुळी पडली, डावा डोळा कायमचा अधू झाला आणि नायिकेचं दार बंद झालं. तिथून पुढे त्यांनी जी पात्रं केली, त्यांनीच त्यांना घराघरांत नेलं. ‘श्री ४२०’मधली केळेवाली गंगामाई आणि ‘अनाडी’तली मिसेस डिसा यांच्यात एक तरी लकब सारखी सापडते का बघा. ‘अनाडी’साठी त्यांना सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. चरित्र भूमिका ही नायिकेच्या कामापेक्षा खालची पायरी, असं अजूनही ज्यांना वाटतं, त्यांनी हे दोन चित्रपट लागोपाठ पाहावेत.

आता आपल्याकडचं. ‘अशी ही बनवाबनवी’ १९८८ मध्ये आला. लीलाबाई काळभोर माहीत नाही असा मराठी माणूस सापडणं कठीण. पण ते काम कोणी केलं, असं विचारलं तर दहातले किती जण लगेच ‘नयनतारा’ म्हणतील? १९९३ च्या ‘झपाटलेला’मधला बाबा चमत्कार पोरासोरांना पाठ आहे, राघवेंद्र कडकोळ हे नाव मात्र आठवावं लागतं. आणि ही तर नावं छापली गेलेली, पुरस्कार आणि रंगभूमी पाहिलेली माणसं. ज्यांचं नाव पडद्यावर आलंच नाही, त्यांचं काय होत असेल?

नाव नोंदलं की किती टिकतं, त्याचं उदाहरण आपल्या पहिल्याच चित्रपटात आहे. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मधली तारामती अण्णा साळुंके यांनी केली, हे आज कोणीही सांगेल. हॉटेलात स्वयंपाकाचं काम करणारा तो माणूस. शंभरावर वर्षं उलटली, पण नाव आणि पात्र एकत्र राहिलं. पुढे बोलपटांच्या काळात थिएटरवर गाण्यांच्या पुस्तिका विकायला असत. त्यात गोष्ट, गाणी आणि पात्रांसमोर नटांची नावं छापलेली असायची. ज्या घरांत त्या पुस्तिका जपल्या गेल्या, तिथे आजही कोणी काय काम केलं ते बोट ठेवून दाखवता येतं. आता आपल्याकडे संगणक आहेत, आणि पाच-सहा वर्षांपूर्वीच्या चित्रपटातला तलाठी कोणी केला ते सांगता येत नाही. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून चित्रपट जपतंय. पण जे नाव चित्रपटावर लिहिलेलंच नाही, ते संग्रहालय तरी कुठून जपणार?

सहायक कलाकारांची दखल घ्यायला सगळ्याच दुनियेने वेळ लावला, हे खरं. ऑस्करमध्ये सहायक अभिनयाचे पुरस्कार १९३६ च्या चित्रपटांपासून सुरू झाले, तेव्हा नायक-नायिकांना ऑस्करची ती सोनेरी बाहुली आणि सहायकांना नुसती पाटी मिळायची. सात-आठ वर्षांनी त्यांनाही बाहुली मिळू लागली. आपले राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार १९५४ पासून दिले जातात. अभिनयाचे पुरस्कार १९६७ च्या चित्रपटांपासून आले आणि सहायक अभिनयाचे थेट १९८४ च्या. सहायक अभिनेत्रीचा पहिला राष्ट्रीय पुरस्कार आपल्या रोहिणी हट्टंगडींना मिळाला, ‘पार्टी’साठी. फिल्मफेअरने मात्र १९५५ मध्येच सुरुवात केली होती आणि पहिले दोन मानकरी होते डेव्हिड आणि उषा किरण.

पण मी पुरस्कार मागायला हे पत्र लिहीत नाही. पुरस्कार वर्षाला एकाला. नाव सगळ्यांना हवं.

आणि ही नुसती मानाची बाब नाही. आपल्या कॉपीराइट कायद्यात २०१२ साली दुरुस्ती झाली आणि कलावंतांना आपल्या कामावर काही हक्क मिळाले. हे काम मी केलं आहे असं म्हणण्याचा हक्क, आपल्या कामाची मोडतोड झाली तर दाद मागण्याचा हक्क. फार मोलाची दुरुस्ती होती ती. पण त्याच वेळी ‘परफॉर्मर’ कोणाला म्हणायचं, त्या व्याख्येला एक परंतुक जोडलं गेलं. चित्रपटात ज्याचं काम किरकोळ किंवा प्रासंगिक आहे आणि व्यवसायाच्या नेहमीच्या रिवाजाप्रमाणे ज्याचा उल्लेख श्रेयनामावलीसह कुठेच केलेला नाही, त्याला परफॉर्मर मानलं जाणार नाही. त्याच्याकडे उरतो फक्त मोडतोडीविरुद्ध दाद मागण्याचा हक्क. हे काम माझं आहे, असं म्हणण्याचा हक्क उरत नाही.

मी वकील नाही. पण हे वाचलं त्या दिवशी मला माझी ती रात्रीची यादी आठवली. एखाद्याचं काम किरकोळ की महत्त्वाचं, यावर वाद होऊ शकतो. त्याचं नाव यादीत आहे की नाही, यावर वाद होत नाही. म्हणजे रात्री अकरा वाजता, फोन लागत नाही म्हणून, मी ‘व इतर’ असे दोन शब्द टाइप केले, तेव्हा मी एका माणसाच्या हक्काला हात लावत होते. मला ते माहीतही नव्हतं. मंडळी, आपल्यापैकी कितीजणांना माहीत आहे? आज चेहरा आणि आवाज यंत्रावर हुबेहूब उभा करता येतो. उद्या तो तलाठी दुसऱ्या कुठल्या जाहिरातीत बोलताना दिसला, तर हा चेहरा माझा आणि हे काम माझं, असं म्हणायला त्याच्या हातात कागद कुठला?

कागदाची गरज दुसरीकडेही लागते. राज्य सरकारची वृद्ध कलावंतांसाठी मानधन योजना आहे. अर्जासोबत कामाचे पुरावे जोडावे लागतात. नाटकवाल्याकडे निदान जाहिरातीची कात्रणं आणि हँडबिलं असतात. चित्रपटातल्या एका दिवसाच्या नटाकडे काय असतं? कोऑर्डिनेटरच्या नावाचं व्हाउचर. स्वतःच्या हाताने लिहिलेली खातेवही सरकार पुरावा म्हणून धरत नाही. आणि पुढचं काम मिळवायचं तरी कसं? नव्या कास्टिंगवाल्यांना नाव टाकलं की सगळी कामं समोर दिसायला हवी असतात. इंटरनेटवरच्या याद्या टायटलवरून बनतात. टायटलात नाव नाही म्हणजे तीस वर्षं काम केलेला माणूस त्यांच्या लेखी कालच आलेला.

आता आक्षेप. ते मला तोंडपाठ आहेत, कारण मीच ते सहकाऱ्यांना ऐकवले आहेत.

रोलर लांबतो, हा पहिला. माझ्या अनुभवात शेवटी आलेली वीस-पंचवीस नावं म्हणजे पडद्यावरचे काही सेकंद. त्याच रोलरमध्ये आपण पुरस्कर्त्यांची बोधचिन्हं अख्ख्या पडद्यावर थांबवतो. पहिल्या चार नावांचा क्रम, कोणाच्या नावाआधी ‘आणि’ लावायचं, कोणाचं अक्षर किती मोठं, यावर आठवडाभर फोन चालतात ते मी पाहिलेत. त्यातला एक तास शेवटच्या वीस नावांना दिला तरी पुरे.

माणसं फार असतात, हा दुसरा. मॉबचा प्रश्न वेगळा आहे आणि मी तो इथे मिसळत नाही. ज्याला आपण पात्र म्हणून उभं केलं, त्याच्याबद्दल बोलते आहे. हॉलिवूडच्या नटांच्या संघटनेने हे कधीच करारात बसवलं आहे. पन्नासपर्यंत कलाकार असतील तर सगळ्यांची नावं, त्याहून जास्त असतील तर किमान पन्नास जणांची, प्रत्येकाच्या पात्रासकट. मराठी चित्रपटात पन्नासाच्या वर पात्रं कितीदा असतात? आणि त्या लोकांनाही हे आयतं मिळालं नाही. १९३१ च्या ‘फ्रँकेन्स्टाइन’च्या सुरुवातीच्या टायटलमध्ये राक्षसाचं काम करणाऱ्या नटाच्या नावाच्या जागी प्रश्नचिन्ह होतं. बोरिस कार्लोफ हे नाव शेवटच्या यादीत आलं. त्या यादीच्या माथ्यावर चित्रपट काढणाऱ्या युनिव्हर्सल कंपनीचं नेहमीचं वाक्य होतं, चांगला नटसंच पुन्हा सांगण्याजोगा असतो. मला ते वाक्य फार आवडतं. पुढे दोनच वर्षांनी तिथे नटांची संघटना उभी राहिली आणि तिच्या पहिल्या फळीत हाच कार्लोफ होता.

पात्राला नावच नसतं, हा तिसरा आक्षेप. नसू दे. ‘तलाठी’ लिहा, ‘दवाखान्यातली आजी’ लिहा, ‘एसटीतला कंडक्टर’ लिहा. नुसती चाळीस नावं एकाखाली एक टाकली तर त्यातला कंडक्टर कोण, हे त्याच्या आईलाच कळेल. पात्र लिहिलं की बाकीच्यांनाही कळेल.

खर्चाचा आक्षेप कोणी घेऊ नये. यात खर्च नाही. कॉल शीटवर पात्रासमोर कोऑर्डिनेटरचं नाव न लिहिता नटाचं पूर्ण नाव लिहायचं. तो आला की त्याच्याकडूनच देवनागरीत लिहून घ्यायचं, म्हणजे आडनाव चुकत नाही. ती यादी रोजच्या रोज एका फाइलीत चढवायची. एवढं केलं की शेवटच्या रात्री कोणाला फोन करावा लागत नाही. मी आता असंच करते. दिवसाला पाच मिनिटंही लागत नाहीत.

महामंडळाने एवढं करावं. सभासद निर्मात्यांना पात्रांसह कलाकारांची पूर्ण यादी महामंडळाच्या दप्तरी देणं बंधनकारक करावं, म्हणजे टायटलात चूक झाली तरी एक नोंद कुठेतरी राहील. दर्जेदार मराठी चित्रपटांना राज्य सरकार अनुदान देतं. त्याच्या अर्जासोबत ही यादी मागावी, असा आग्रह आपण सांस्कृतिक कार्य विभागाकडे धरावा. सरकारच्या पैशाचा आधार घेणाऱ्या चित्रपटाने आपल्या माणसांची नावं द्यावीत, यात कोणाला वावगं वाटेल असं मला वाटत नाही. वाहिन्या आणि ओटीटीवाल्यांशी करार करताना निर्मात्यांनी टायटल न कापण्याचं कलम घालावं. घरी चित्रपट संपतो न संपतो तोच नावं कोपऱ्यात आक्रसतात आणि पुढचं काहीतरी सुरू होतं. ती तिघं त्या दिवशी थिएटरात होती म्हणून रोलर शेवटपर्यंत बघू तरी शकली.

आणि जुन्या चित्रपटांच्या चुका दुरुस्त करता येतात, हेही लक्षात घ्यावं. फिल्मच्या रिळांवर ते अवघड होतं. आता चित्रपट ओटीटीवर जाताना नवी फाइल तयार होतेच. त्या वेळी एक पाटी वाढवायची असते, फार तर.

मी ज्यांच्याबद्दल लिहिलं ते गेल्या वर्षी गेले. भेटायला गेले तेव्हा त्यांच्या मुलीने ती खातेवही पुन्हा माझ्या हातात दिली. आमच्या चित्रपटानंतरही बरीच पानं भरली होती. हे पत्र लिहायचं ठरवलं तेव्हा मी तिला फोन करून विचारलं, बाबांचं नाव लिहू का? ती जरा वेळ गप्प होती. मग म्हणाली, “पत्रात कशाला, ताई? पिक्चरमध्ये घाला ना.”

म्हणून इथे त्यांचं नाव नाही. आमच्या निर्मात्यांशी मी बोलले आहे. नवी फाइल करायला त्यांची हरकत नाही, पण महामंडळाकडून तसं पत्र आलं तर ओटीटीवाल्यांकडे विषय काढणं सोपं जाईल, असं ते म्हणाले. आपण ते पत्र द्यावं, ही विनंती. यादीचा एक नमुना मी तयार केला आहे. पात्र, नटाचं पूर्ण नाव, कामाचे दिवस, नटाची सही, असे चार रकाने. आपण सांगाल त्या दिवशी कार्यालयात घेऊन येईन. पहिल्या ओळीत ‘तलाठी’ लिहून ठेवलंय. पुढचा रकाना त्यांच्या मुलीने भरला आहे.

आपली,
एक सहायक दिग्दर्शक